एका पानाचा करार

गेल्या अठरा वर्षांत मी अकरा मराठी चित्रपटांत कामं केली. त्यातले चार थिएटरात लागले, तीन फक्त महोत्सवांत दाखवले गेले, दोन ओटीटीवर आहेत आणि दोन अजूनही कुणाच्या तरी हार्ड डिस्कमध्ये पडून आहेत. थिएटरात लागलेल्या चारांपैकी एकानेही दुसरा शुक्रवार पाहिला नाही. साताऱ्यात मंडईत भाजी घेताना मला कुणी ओळखलंच तर ते बँकेतल्या मॅडम म्हणून. तेही खरंच आहे. एकोणतीस वर्षं मी एका सहकारी बँकेत नोकरी केली आणि २०१९ साली स्वेच्छानिवृत्ती घेतली. कामं केली ती रजा काढून, ती पुरली नाही तर बिनपगारी रजा काढून.

अशा चित्रपटांबद्दल लिहिलं जातं ते बहुतेक दिग्दर्शकाच्या बाजूने, आणि पुरस्कार मिळाला तरच. नटाच्या बाजूने हे आयुष्य कसं असतं ते सांगावं असं बरेच दिवस मनात होतं.

माझी सुरुवात बँकेच्या कर्मचाऱ्यांच्या एकांकिकांपासून झाली. मग राज्य नाट्य स्पर्धा, हौशी विभाग. साताऱ्याच्या शाहू कला मंदिरात शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवायचा, हे पंधरा वर्षं अंगात भिनलेलं. चित्रपटाचा विचार मनात नव्हता, कारण चित्रपट म्हणजे मुंबई, आणि मुंबई म्हणजे नोकरी सोडणं. २००४ साली साताऱ्यातच ‘श्वास’ पाहिला. संदीप सावंत यांचा तो पहिला चित्रपट. ‘श्यामची आई’नंतर जवळपास पन्नास वर्षांनी मराठीला सुवर्णकमळ मिळालं होतं, म्हणून सगळेच बघायला गेले होते. मी बघत होते अरुण नलावड्यांकडे. नातवाचे डोळे जाणार हे कळलेला कोकणातला आजोबा. रंगभूमीवरचा नट, पण या माणसाने आवाज कुठेच चढवला नव्हता. निर्मात्यांमध्येही त्यांचं नाव होतं हे मला नंतर कळलं. पुढे ‘श्वास’ ऑस्करला गेला तेव्हा तिथल्या प्रचाराच्या खर्चासाठी लोकांनी वर्गण्या गोळा केल्या. नटाने आपल्याच चित्रपटात पैसे घालायचे आणि लोकांनी वर्गणी काढायची, हे तेव्हा मला फार उदात्त वाटलं होतं. आजही वाटतं. पण त्याला दुसरी बाजू आहे, ती पुढे सांगते.

२००७ साली राज्य नाट्य स्पर्धेतलं माझं काम पाहून एक मुलगा भेटायला आला. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून नुकताच बाहेर पडलेला, सत्तावीस वर्षांचा. म्हणाला, “ताई, बावीस दिवसांचं शूटिंग आहे. माण तालुक्यात. तुम्ही आईचं काम कराल का? पैसे फार नाहीत.” किती आहेत हे मी विचारलंच नाही. त्यानेही सांगितलं नाही. आमच्या दोघांचीही पहिली चूक ती.

चित्रपट सुपर सिक्स्टीनवर, म्हणजे सोळा मिलिमीटरच्या फिल्मवर, व्हायचा होता. फिल्म महाग. चारशे फुटांचा एक कॅन म्हणजे अकरा मिनिटं, आणि असे कॅन मोजून आणलेले. एका शॉटला दोन टेक, फार तर तीन. त्यामुळे तालमी आधीच भरपूर करून घ्यायच्या, असं त्याने ठरवलं होतं. मला म्हणाला, “शूटिंगच्या आठ दिवस आधी जाऊन राहा. ज्या घरात शूट आहे, त्याच घरात.”

ते घर एका आजींचं होतं. दोन खोल्या, पुढे पडवी, मागे चुलीची खोली. म्हसवडच्या बाजूचा तो सगळा भाग उघडाबोडका. फेब्रुवारीतच विहिरीचा तळ दिसायला लागलेला. आजी सत्तरीच्या पुढच्या, एकट्या राहायच्या. मुलगा पुण्याला. चित्रपटातल्या आईचीही गोष्ट हीच होती आणि दिग्दर्शकाने घर निवडलं ते त्यामुळेच. मी आठ दिवस आजींबरोबर राहिले, पाणी आणलं, शेण गोळा केलं, बाजरीची भाकरी चुलीवर करायला शिकले. घरी गॅसवर ज्वारीची भाकरी मी रोजच करत होते. पण बाजरीच्या पिठाला गव्हासारखा चिकटपणा नसतो, ते थापताना फाटतं, आणि चुलीचा जाळ कमी करायला बटण नसतं. काटकी आत सारायची, मागे ओढायची. उजव्या हाताने भाकरी आणि डाव्या हाताने जाळ, दोन्ही एकदम.

माझ्या कामातला सगळ्यात मोठा प्रसंग त्या चुलीसमोरचा होता. शेजारचा पोरगा दारात येऊन सांगतो की तुमचा मुलगा या सणालाही येणार नाही. आई भाकरी करतेय. संहितेत एवढंच. नाटकात मी काय केलं असतं ते मला तंतोतंत ठाऊक होतं. हात थांबवले असते, तीन सेकंद घेतले असते, मग मान वळवली असती. तालमीत तसंच केलं. आजी पलीकडे भिंतीला टेकून बसल्या होत्या. त्या म्हणाल्या, “आगं बया, थांबली तर भाकरी जळंल की!” आणि थोड्या वेळाने, “आन् थापताना त्वांड कशापायी हलीवतीस?”

अभिनयाचं शिक्षण म्हणून मी जे काही सांगू शकते, ते या दोन वाक्यांत आलं. पंधरा वर्षं मी प्रेक्षकाला दाखवत आले होते की मला काय वाटतंय. त्यासाठी चेहरा कामाला लावला होता. आजींनी आयुष्यभर वाईट बातम्या भाकरी करता करताच ऐकल्या होत्या. हात थांबवणं त्यांना परवडलेलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी मी थापतच राहिले. पोरगा बोलून गेला. मी भाकरी तव्यावर टाकली, वरून पाणी फिरवलं, उलटली आणि काटकी मागे ओढायची विसरले. विसरले ते ठरवून नव्हे. भाकरीची एक कड काळी झाली. दिग्दर्शकाने पहिलाच टेक ठेवला.

कट झाल्यावर ध्वनिमुद्रण करणारा मुलगा म्हणाला, “एक मिनिट रूम टोन.” हे मला नवीन होतं. ज्या जागी सिंक साउंड, म्हणजे शूटिंगच्या वेळचाच प्रत्यक्ष आवाज, घेतलाय तिथली नुसती शांतता एक मिनिटभर ध्वनिमुद्रित करून ठेवतात, पुढे संकलनात तुकडे जोडताना ती खाली पसरायला लागते. सगळ्यांनी जिथल्या तिथे थांबायचं, हलायचं नाही. त्या मिनिटात मला पहिल्यांदा त्या खोलीचा आवाज आला. निखारे तडकत होते. पत्र्यावर कावळा चालत होता. लांब कुठेतरी मोटार सुरू व्हायचा प्रयत्न करत होती आणि पाणी नव्हतं. आजी दारात डोळे मिटून उभ्या होत्या. मिनिट संपल्यावर त्यांनी विचारलं, “ह्ये बी दावणार का शिनिमात?” मुलगा म्हणाला, “दिसणार नाही आजी, पण असेल.”

मोठ्या निर्मितीत हे होत नाही असं नाही. पण तिथे छोट्या भूमिकेच्या नटाला आठ दिवस कुणी देत नाही. एका मालिकेत मी तीन दिवस काम केलं. सकाळी नऊला पानं हातात, साडेनऊला शॉट, दिवसाला वीस-बावीस मिनिटांचा ऐवज काढायचा. ते लोक कष्टाळू आहेत आणि त्यांच्याकडे पैसे वेळेवर मिळतात. आमच्या चित्रपटांत पैशाऐवजी वेळ मिळतो. माझ्यासारख्या नटाला तो वेळ पैशाहून मोलाचा वाटतो, आणि समोरच्याला हे पक्कं ठाऊक असतं. अडचण इथेच सुरू होते.

त्या पहिल्या चित्रपटाचे मला पंधरा हजार मिळाले, शूटिंग संपल्यावर चार महिन्यांनी. बावीस आणि आठ मिळून तीस दिवसांचे. साड्या माझ्याच होत्या. कॅमेऱ्याला नवं कापड नवंच दिसतं, म्हणून सासूबाईंची दोन जुनी इरकली लुगडी मी घरून नेली. एक चुलीच्या ठिणगीने जळलं. बिनपगारी रजा सोळा दिवसांची. त्यावर प्रवास. मी बँकेतली बाई, हिशेब मांडल्याशिवाय राहवेना. मांडला तेव्हा दिसलं की त्या चित्रपटात माझेच दहा-बारा हजार गेले आहेत. मग आजींचा मांडला. घराचं भाडं त्यांना दिलं नव्हतं. “त्या घ्यायला तयार नव्हत्या,” असं उत्तर मिळालं. बावीस दिवस पंचवीस माणसांचा राबता, चुलीची लाकडं, रांजणातलं पाणी, आणि त्या भागात पाणी म्हणजे काय ते सांगायला नको.

चित्रपट कमी पैशांत होतो म्हणजे तो स्वस्तात होतो असं नाही. उरलेले पैसे कुणीतरी भरतंच. कॅमेरामन आपली लेन्स फुकट देतो, संकलक रात्रीचे तास देतो, नट रजा देतो, गाव पाणी देतं. फक्त ते कुठे लिहिलं जात नाही.

पाचव्या चित्रपटात माझ्या नवऱ्याचं काम खऱ्याखुऱ्या मेंढपाळाने केलं. तोपर्यंत डिजिटल आलं होतं, टेक मोजायची गरज उरली नव्हती आणि नट नसलेल्या माणसांना घेऊन काम करायची हिंमत दिग्दर्शकांना आली होती. ‘फँड्री’तला सोमनाथ अवघडे, ‘कोर्ट’मधले वीरा साथीदार, ही माणसं पडद्यावर दिसल्यावर आम्हा रंगभूमीवरच्या मंडळींना आपलं काय चुकत होतं ते उघड दिसलं. ‘कोर्ट’ मी दोनदा पाहिला. चैतन्य ताम्हाणेंनी त्यात बहुतेक भूमिका अशाच, नट नसलेल्या माणसांना दिल्या आहेत आणि त्यांच्यामध्ये गीतांजली कुलकर्णी सरकारी वकील आहे, राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिकलेली. दिवसभर कोर्टात कलमं वाचणारी ती बाई लोकलने घरी जाते आणि स्वयंपाकाला लागते. कुठे शिकलेला नट संपतो आणि खरा माणूस सुरू होतो, ते त्या चित्रपटात मला शोधून सापडलं नाही. तेच मला जमवायचं होतं.

माझ्या त्या सहकलाकाराला क्यू म्हणजे काय ते माहीत नव्हतं. तो दर टेकला वाक्य बदलायचा. माझी पंचाईत अशी की मी पाठ केलेलं वाक्य त्याच्या बदललेल्या वाक्याला जुळायचं नाही. पाच-सहा टेक वाया गेल्यावर मी पाठांतर सोडलं आणि नुसतं ऐकायला लागले. चौदाव्या टेकला, जिथे त्याने बाजाराबद्दल काही बोलायचं होतं तिथे तो गप्प राहिला, माझ्याकडे बघितलं आणि विचारलं, “जेवलीस का?” मी म्हणाले, “न्हाय अजून.” तो म्हणाला, “मग जेव.” दृश्य तिथेच संपलं. हे तीन वाक्यांचं संभाषण लिहायला लेखकाला जमलं नसतं असं नाही, पण ते त्याच्या तोंडून आलं तसं कुणी म्हटलं नसतं. नंतर मी त्याला विचारलं, तसं का बोललात? तो म्हणाला, “तुमी भुकेल्या दिसला.” दुपारचे तीन वाजले होते आणि मी खरंच जेवले नव्हते.

त्या चित्रपटाचं वेळापत्रक कळपावर ठरलं होतं. दिवाळीनंतर ही माणसं मेंढरं घेऊन कोकणाकडे उतरतात आणि पावसाच्या आधी वर येतात. त्यामुळे शूटिंग दोन टप्प्यांत. दुसऱ्या टप्प्याला आलो तर मेंढरांची लोकर कातरलेली. पहिल्या टप्प्यातली झुपकेदार मेंढरं आणि आताची उघडी मेंढरं एकाच प्रसंगात कशी जुळवायची? दिग्दर्शकाने पटकथेत कातरणीचा प्रसंग घातला. माझ्या मते चित्रपटातला तो सर्वांत चांगला प्रसंग आहे. पैसे असते तर दुसरा कळप भाड्याने आणला असता आणि तो प्रसंग झालाच नसता. मात्र यावरून गरिबीमुळे कला फुलते असा निष्कर्ष कुणी काढू नये. त्याच चित्रपटात पैसे संपले म्हणून शेवटचे दोन प्रसंग सोडून द्यावे लागले आणि ते न झाल्याची खोट चित्रपटभर जाणवते.

पैशांची एक गोष्ट सविस्तर सांगते, कारण नवीन मुला-मुलींच्या ती उपयोगाची आहे. एका चित्रपटासाठी ऐंशी हजार ठरले. तोंडी. निम्मे शूटिंगच्या वेळी, निम्मे प्रदर्शनानंतर. पहिले चाळीस हजार देताना छत्तीसचाच चेक आला, दहा टक्के टीडीएस कापून. नियमाप्रमाणे बरोबर होतं. वर्षअखेरीला माझा २६एएस, म्हणजे आयकर खात्याकडचा जमा कराचा उतारा, काढून पाहिला तर त्या चार हजारांचा पत्ता नाही. कापले होते, भरले नव्हते. निर्मात्याला फोन केला, दोनदा उचलला, नंतर नाही. उरलेले चाळीस हजार प्रदर्शनानंतर द्यायचे होते, आणि चित्रपट प्रदर्शितच झाला नाही. नावं घेत नाही. तो माणूस लबाड होता असंही मला वाटत नाही, त्याने स्वतःचा फ्लॅट गहाण टाकला होता. पण बुडणारा माणूस पहिल्यांदा ज्यांचे पैसे थांबवतो ते कधीच कॅमेऱ्याचं भाडं घेणारे नसतात. त्यांचे पैसे दिले नाहीत तर दुसऱ्या दिवशी कॅमेरा येत नाही. नट येतो. प्रेमापोटी येतो.

राज्य सरकारचं अनुदान आहे, त्याचा आधार मोठा आहे. आमच्या वेळी ‘अ’ दर्जाच्या चित्रपटाला ४० लाख, ‘ब’ दर्जाला ३० लाख मिळायचे. मी केलेल्या काही चित्रपटांचा सगळा खर्चच तेवढा होता. पण हे पैसे चित्रपट पूर्ण होऊन, सेन्सॉर होऊन, समितीने पाहून गुण दिल्यावर मिळतात. तोवर व्याज धावत असतं. अनुदान येतं ते कर्ज फेडायला जातं. नटाच्या राहिलेल्या पैशांची आठवण तेव्हा कुणाला असायची?

थिएटरचं मी थोडक्यात सांगते, त्याबद्दल बरंच लिहून झालं आहे. मल्टिप्लेक्सनी मराठीला प्राइम टाइम द्यावा म्हणून २०१५ साली सरकारने पावलं उचलली, वाद झाले. आमच्या चित्रपटांना त्यातलं काही वाट्याला आलं नाही. एका चित्रपटाला पुण्यात शुक्रवारी सकाळी पावणेबाराचा शो मिळाला. नऊ तिकिटं गेली, त्यातली पाच आमच्या घरची. शनिवारी तोच शो साडेनऊला गेला. सोमवारपासून नाही. मंगळवारी लोकांचे फोन यायला लागले, “अहो, पेपरात परीक्षण वाचलं, कुठे लागलाय?” परीक्षण चांगलं होतं. माझ्या कामाबद्दल दोन ओळी होत्या. तो कागद कपाटात आहे.

महोत्सवांची गोष्ट वेगळी. जानेवारीत पुण्याच्या महोत्सवात आमच्या एका चित्रपटाला लोक पायऱ्यांवर बसले होते. पणजीला इफ्फीत गेलो ते मी आणि दिग्दर्शक, दोघंही आपापल्या खर्चाने, रात्रीच्या एसटीने. जुन्या मेडिकल कॉलेजच्या इमारतीजवळच्या आयनॉक्सला चित्रपट संपल्यावर एक वयस्कर गोवेकर बाई मला भेटायला थांबल्या. कोकणीत बोलल्या, मला सगळं कळलं नाही. त्यांनी माझे दोन्ही हात हातात घेतले आणि तळवे उलटे करून बघितले. चित्रपटात मी बांधावर खुरपत असते. माझे हात शेतात काम केलेले आहेत का, ते त्यांना बघायचं होतं. नव्हते, आणि ते त्यांना कळलं. त्या हसल्या आणि हात घट्ट धरले. मी आजवर मिळालेल्या दादींमध्ये ती पहिली धरते.

२०२० साली करोनामुळे सगळं थांबलं. दोन चित्रपट त्यात अडकले ते अडकलेच. एप्रिल २०२१ मध्ये, आठवड्याभराच्या अंतराने, नागपुरात वीरा साथीदार गेले आणि पुण्यात सुमित्रा भावे गेल्या. सुमित्राताईंबरोबर काम करायची माझी इच्छा राहून गेली. समाजकार्याच्या क्षेत्रात शिकवणारी, संशोधन करणारी बाई चाळिशी उलटल्यावर ‘बाई’ हा लघुपट करते, तोही १९८५ साली, आणि मग तीस-पस्तीस वर्षं सुनील सुकथनकरांबरोबर एकामागून एक चित्रपट करत राहते. मी अडतिसाव्या वर्षी सुरुवात केली होती, म्हणून त्यांचं उदाहरण मला फार जवळचं होतं. त्यांच्या ‘कासव’ला सुवर्णकमळ मिळालं तेव्हा मी बँकेत पेढे वाटले. कुणाला काही कळलं नाही, पण पेढे सगळ्यांनी घेतले.

आता दिवस थोडे बदलताहेत. चंद्रपूरकडच्या गावातल्या माणसांना घेऊन केलेला जयंत सोमलकरांचा ‘स्थळ’ टोरंटोला गेला. २०२५ च्या जानेवारीत रोहन कानवडे यांच्या ‘साबर बोंडं’ला सनडान्सला ग्रँड ज्युरी पारितोषिक मिळालं. त्यातली आई, जयश्री जगताप, मी डोळ्यांत तेल घालून पाहिली. तिच्या वाट्याला आलेल्या शांत जागा तिने भरून टाकायची घाई केलेली नाही. बरं वाटलं. माझ्या वयाच्या बायकांना चित्रपटात आता नुसतं देवघरासमोर उभं राहण्यापलीकडे वाव मिळतो आहे, आणि तो या कमी पैशांच्या चित्रपटांनीच दिला आहे.

आजींचं राहिलं. पहिला चित्रपट महोत्सवांत फिरला, थिएटरात आला नाही. मी दरवर्षी शिखर शिंगणापूरला जाते, येताना त्यांच्याकडे थांबायची. दरवेळी त्या विचारायच्या, “कवा दावणार?” दिग्दर्शकाकडे फाइल मागितली की तो म्हणायचा, “ताई, हक्कांचं भांडण चाललंय, बाहेर देता येत नाही.” सहा वर्षं गेली. शेवटी त्याने एका पेन ड्राइव्हवर घालून दिला. मी गेले तर आजींच्या टीव्हीवर ती फाइल चालेना. शेजारच्या शिक्षकाचा लॅपटॉप आणला, पडवीत पाटावर ठेवला, अकरा जण बसले. आजींना तोवर कमी दिसायला लागलं होतं. त्या लॅपटॉपच्या अगदी जवळ, हातभर अंतरावर बसल्या. चुलीचा प्रसंग आला. मी त्यांच्याकडे बघत होते. त्या म्हणाल्या, “चूल झ्याक दिसती. आदल्या दिशी सारीवली हुती मी.” मग एकदम म्हणाल्या, “कावळा वाजतोय बग पत्र्यावं.” रूम टोन होता तो. चित्रपट मी पाच-सहा वेळा पाहिला होता, मला तो कावळा कधी ऐकू आला नव्हता.

पुढच्या वर्षी गेले तेव्हा घराला कुलूप होतं.

तेव्हापासून काम घेताना मी एक कागद पुढे करते. एकच पान, साध्या मराठीत, मी स्वतः लिहिलेलं. त्यात तीन गोष्टी आहेत. मानधन किती आणि ते शूटिंगच्या कुठल्या दिवशी. श्रेयनामावलीत माझं आणि ज्यांचं घर, शेत, जनावरं वापरली त्यांचं नाव. आणि चित्रपट तयार झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत, ज्या गावात शूटिंग झालं त्या गावात तो दाखवणं, पडदा आणि प्रोजेक्टर निर्मात्याने आणून. आकडा मी ताणत नाही. पाच हजार असले तर पाच हजार लिहा म्हणते. दोन दिग्दर्शकांनी हा कागद पाहून काम दुसऱ्या कुणाला दिलं. एकाने वाईट मानून विचारलं, “ताई, आपल्यात कागद कशाला?” चौघांनी सही केली, आणि त्या चौघांनीही पैसे त्या त्या दिवशी दिले. एका गावात पडदा लागला. मारुतीच्या देवळापुढे, दोनशेच्या वर माणूस होतं.

नवा चित्रपट करणाऱ्या मुला-मुलींना माझं सांगणं आहे. आम्ही येऊ, साड्याही घरच्या आणू, आठ दिवस आधी येऊन राहू. तुम्ही फक्त ते एक पान लिहा, त्यावर सही करा, आणि गावाची ओळ त्यातून गाळू नका.